चार पानांची फिर्याद

श्वे चोंगलिनच्या कपाळाला टोपाचा डिंक लावून झाला तेव्हा सकाळचे सात वाजले होते, आणि हंगदियानच्या चित्रनगरीतल्या त्या पत्र्याच्या मेकअपखोलीत तेवढ्यातच अंगाची लाही व्हायला लागली होती. आरशात मागं त्याची बायको सुयुन दिसत होती. स्टुलावर बसून ओठांतल्या ओठांत पुटपुटत होती. बघणाऱ्याला वाटावं म्हातारी जप करतेय. जप कसला, ती फिर्याद म्हणत होती. चाळीस दिवस रोज सकाळी तळ्याकाठी तिनं नवऱ्याकडून ती घोटून घेतली होती, आणि आता तिलाच अशी पाठ झाली होती की झोपेतून उठवलं तरी सांगेल.

आज दरबाराचा प्रसंग होता. दुष्काळात बादशहाच्या सख्ख्या काकानं सरकारी कोठारं विकून खाल्ली, आणि म्हातारा मंत्री भर दरबारात उभा राहून ते सगळं बादशहाच्या तोंडावर सांगतो. चार पानं. मध्ये कट नाही. आवाजही तिथल्या तिथंच घ्यायचा. नाहीतर आमच्या मालिकांत निम्म्या नटांचा आवाज मागाहून दुसराच कोणी भरतो, पण दिग्दर्शिका ग्वान बाई त्या बाबतीत हट्टी. माणूस दिसेल त्याचाच आवाज ऐकू येईल, म्हणायच्या.

अशी चार पानं श्वेला एके काळी चहा पिता पिता पाठ व्हायची. पण गेल्या हिवाळ्यापासून डोक्यात काहीतरी बिघडलं होतं. आधी भाजीवाल्याचं नाव जायला लागलं, मग घराचा मजला. वसंतात हांगचौच्या डॉक्टरनं मेंदूचा फोटो काढून रोगाचं नाव सांगितलं आणि औषधानं हा थांबत नाही, फार तर रेंगाळतो, हेही सांगितलं. नवरा-बायकोनं ते तिसऱ्याच्या कानावर जाऊ दिलं नाही. हे एवढं काम नीट पार पाडायचं, मग प्रकृतीचं निमित्त सांगून गुपचूप आपल्या गावी, बाओजीला निघून जायचं, असं ठरलं होतं.

आता यात लपवण्यासारखं एवढं काय, असं कुणी म्हणेल. म्हातारं माणूस विसरतं. पण विसरणं हा गुन्हा आहे असं श्वे चोंगलिननं साऱ्या देशाला ओरडून सांगितलं होतं ना. तिथंच तर सगळी गोम होती.

बाओजीच्या कापडगिरणीच्या हौशी नाटकमंडळीत त्यानं सुरुवात केली. मग शीआनला सिनेमात. तीस वर्षं तो द्वारपाल झाला, आचारी झाला, फाशी देणारा झाला, आणि मढी तर किती झाला त्याची मोजदाद नाही. मढ्याचं काम केलं की अपशकुन उतरावा म्हणून नटाच्या हातात पैशांचं लाल पाकीट ठेवतात. सुयुन हसून म्हणायची, माझा संसार तुझ्या मरण्यावर चाललाय. जिवंतपणी मात्र त्याला कुणी ओळखत नव्हतं. मग नऊ वर्षांपूर्वी एका टीव्हीवरच्या चर्चेत तो भडकला. संवाद पाठ नसला की काही नट कॅमेऱ्यासमोर नुसते आकडे म्हणतात, एक, दोन, तीन, चार, डोळ्यांत पाणी आणून. ओठ हलले की झालं, शब्द मागाहून आवाजवाला भरतो. श्वे म्हणाला, आकडे म्हणायचे असतील तर वाण्याच्या दुकानात बसा, या धंद्याला बट्टा लावू नका. कोण असं करतो, असं निवेदिकेनं विचारल्यावर त्यानं मागचापुढचा विचार न करता नाव घेतलं. पेई युचन. तेव्हा वीस वर्षांचा होता तो.

एका रात्रीत श्वेचं नाव झालं. स्वतःचे शब्द स्वतः बोलणारा शेवटचा नट म्हणून पेपरांनी डोक्यावर घेतलं. कामं मिळाली, घर झालं, शूटिंगवर सगळे त्याला गुरुजी म्हणायला लागले. आणि आज दरबारात सिंहासनावर बादशहा म्हणून बसणार होता तो हाच पेई युचन. गेल्या चाळीस दिवसांत तो श्वेशी कामाव्यतिरिक्त अवाक्षर बोलला नव्हता.

साडेसातला सहायक मुलगी धावत आली आणि दोन कागद आरशासमोर ठेवून गेली. लेखकानं पहाटे शेवटची दोन पानं बदलली होती. कोठारांची नावं नवी, क्रम नवा, शेवटचा परिच्छेद तर पार उलटाच. आमच्याकडे हे रोजचंच. ऐन वेळेला पानं येतात, नट शिव्या घालतात, अर्ध्या तासात पाठ करून उभे राहतात. श्वेनं कागद हातात घेतला आणि त्याच्या तोंडचं पाणी पळालं.

सुयुननं एकदा वाचलं. मग त्याला म्हणाली, "जाऊन सांग, जुनंच बोलतो म्हणून."

"कारण काय सांगू?"

 शंभर वेळा तो इतरांना म्हणाला होता की नटाला पान बदललं म्हणून कुरकुर शोभत नाही.  मग तिनं नवा मजकूर बारीक अक्षरात उतरवून तो कागद त्याच्या हस्तिदंती पाटीच्या मागं चिकटवला. दरबारात मंत्री दोन्ही हातांत धरून उभे राहतात ती पाटी. जुन्या काळी मंत्रीसुद्धा तिच्यावर टिपणं लिहून न्यायचेच, ती म्हणाली, तुझं काय अडलंय.

खोट्या राजवाड्याच्या खोट्या दरबारात नऊ वाजता शंभर दरबारी रांगेनं उभे राहिले. रोजंदारीवरची माणसं. जाड झगे, आत घामाच्या धारा, आणि फोन आत आणायला बंदी असली तरी लांब बाहीत काय काय मावतं ते ज्याचं त्याला माहीत. निर्माते छाओ साहेब मॉनिटरच्या पडद्यासमोर खुर्ची टाकून बसले होते. त्यांच्या कानावर काहीतरी आलं असावं. कारण थाओ नावाचा एक भरदार आवाजाचा नट त्यांनी सकाळपासून बोलावून ठेवला होता, आणि मंत्र्याच्या दुसऱ्या झग्याची शिवण त्याच्या मापानं उसवली जात होती. श्वेनं ते येता येता पाहिलं. चाल मात्र बदलली नाही.

पहिल्या खेपेला पहिली दोन पानं झऱ्यासारखी वाहिली. तिसऱ्या पानाशी तो अडला, खोकला, उकाड्याला नाव ठेवलं. सगळे हसले. दुसऱ्या खेपेला तो पाटीकडे बघून बोलला. अक्षरं दिसत होती, पण एकाचा दुसऱ्याशी मेळ लागत नव्हता, आणि ग्वान बाईंनी कट म्हणून सांगितलं की गुरुजी, नजर खाली जातेय, मंत्री काकाच्या डोळ्यांत बघून बोलतोय, पाटीच्या नाही. त्या अदबीनं बोलल्या. पण छाओ साहेबांनी मान वळवून कुणाला तरी खूण केली, आणि दाराशी थाओ झगा चढवून उभा राहिलेला सगळ्यांना दिसला.

सुयुन पडद्याच्या मागं होती.  ती देवाचं नाव घेणाऱ्यातली नव्हे, पण त्या घटकेला तिनं घेतलं.

तिसरी खेप. पहिलं पान. दुसरं पान. श्वेचा आवाज चढत गेला, काकाचं काम करणाऱ्याच्या अंगावर काटा आला, तिसऱ्या पानाचा पहिला शब्द तोंडातून निघाला आणि त्यापुढं काहीच नव्हतं. विसरलेल्या शब्दाची जागा तरी रिकामी दिसते. इथं जागाच नव्हती. पण पन्नास वर्षं नटाचं काम केलेलं अंग थांबायला तयार नव्हतं. छाती भरून आली होती, हात वर गेला होता, शंभर माणसं कान देऊन उभी होती, आणि तोंड उघडलं.

"एक," तो म्हणाला. "दोन. तीन. चार."

तो थांबला नाही. पाच-सहा-सात दात आवळून. अकराला आवाज फुटला. सोळाला त्यानं काकाकडे अशा नजरेनं बघितलं की तो माणूस खरोखर एक पाऊल मागं सरला. तेवीसला डोळ्यांतून पाणी आलं, आणि ते नाटकातलं नव्हतं. सिंहासनावर पेई युचन जागच्या जागी गोठला. ग्वान बाईंनी कट म्हणायला वर केलेला हात तसाच राहिला. एकतीसला श्वे गप्प झाला आणि गुडघ्यांवर बसला.

मागच्या रांगेत कुणीतरी खुदकन हसलं. मग कुणीच हसलं नाही.

छाओ साहेब मात्र खूश होते. ते उठून आले, श्वेला हाताला धरून उठवलं, चेहरा काय दिला म्हणाले, असा चेहरा कुणाच्या बापाला जमणार नाही. आवाजाचं काय घेऊन बसलात. थाओला आवाजखोलीत बसवू, तासाभरात भरून टाकेल, प्रेक्षकाला कळणारसुद्धा नाही.  ग्वान बाईंनी जेवणाची सुटी दिली.

खोलीत येऊन श्वे खुर्चीत बसला तो बसलाच. डब्यातला भात गार झाला. सुयुननं पंखा त्याच्याकडे वळवला आणि सांगितलं की हो म्हण. चेहरा तुझाच आहे, नाव तुझंच लागणार आहे, आपण परवा गाडीत बसतो, प्रश्न मिटला.

"शंभर जणांनी ऐकलंय, सुयुन."

"ऐकू दे. रोजंदारीवरची माणसं, त्यांना कोण विचारतं?"

दारावर टकटक झाली. ती उठून आडवी उभी राहिली. दारात पिवळ्या झग्यात पेई युचन होता, टोप काढलेला, केस घामानं चिकटलेले, हातात फोन.

"बाजूला व्हा, काकू," तो म्हणाला. "मी मारायला नाही आलोय."

ती झाली नाही. श्वेनंच तिला हाक मारली, तेव्हा ती सरकली.

पेईनं फोन श्वेसमोर धरला. एकोणीस सेकंदांची चित्रफीत. कुणाच्या तरी बाहीतून काढलेली, वाकडी, पण आवाज स्वच्छ. सात, आठ, नऊ, दहा. त्यानं सांगितलं की त्याच्या माणसाकडे ही आत्ताच आली, संध्याकाळपर्यंत सगळीकडे जाईल, आणि त्याला ती थांबवता येणार नाही.  थांबवता आली असती तरी थांबवली असती की नाही, हे त्याचं त्यालाच माहीत नाही.

"नऊ वर्षं," तो म्हणाला. "माझ्या आईच्या दुकानाच्या शटरवर लोकांनी रंगानं आकडे लिहिले. रोज पुसायची. मला टपालानं हिशेबाच्या मण्यांच्या पाट्या यायच्या, खोकी भरून. तुम्ही त्या वर्षी माझ्याबरोबर दोन महिने काम केलंत. एकदा तरी विचारलंत, का रे आकडे म्हणतोस?"

श्वेनं मान हलवली. नाही.

"एकाच वेळी दोन मालिका करत होतो. करारात बांधलेला. पानं कॅमेरा लागल्यावर यायची. मी शब्द मागितले तर म्हणाले, वेळ नाही, आकडे म्हण. वीस वर्षांचा होतो. मला वाटलं, असंच असतं."

सुयुननं तोंडाला पदर लावावा तसा हातातला टॉवेल तोंडाला लावला.  श्वे सरळ बोलला. नंतर कळलं होतं, म्हणाला. त्याच मालिकेच्या कॅमेरावाल्यानं पुढच्या वर्षी सगळं सांगितलं होतं. तोंड उघडायला हवं होतं. पण त्या एका वाक्यावर नाव मिळालं होतं, काम मिळत होतं, म्हणून गप्प बसलो. भ्यालो. तुझी माफी मागायची सोय मी ठेवलेली नाही, तरी मागतो.

पेईनं माफ केलं असं काही म्हटलं नाही. त्यानं एवढंच विचारलं, "कधीपासून होतंय हे तुम्हाला?"

आणि श्वेनं सांगून टाकलं. हांगचौचा डॉक्टर, रोगाचं नाव, भाजीवाला, घराचा मजला, सगळं. सुयुन मध्ये पडली नाही. चार महिने उराशी धरलेलं एका दमात बाहेर पडलं.

पेई दाराकडे वळला, पुन्हा फिरला. चिडलेलाच होता. तो म्हणाला की थाओचा आवाज मला नको. नऊ वर्षांत पहिल्यांदा मला समोर नट मिळालाय, आणि हा प्रसंग माझाही आहे. तुम्हाला चार पानं आठवत नाहीत ना, नका आठवू. बादशहा काय बहिरा आहे? त्याला काकाची करणी आधीच माहीत आहे, असं धरू. तो विचारील. तुम्ही फक्त उत्तर द्या.

"आणि उत्तरही सुचलं नाही तर?"

"मग बघत राहा माझ्याकडे. तेवढं तर येतं ना तुम्हाला."

पेईचं म्हणणं ग्वान बाईंनी ऐकलं, आणि छाओ साहेबांशी त्यांचं जे काही झालं ते पडद्यामागून सगळ्यांना ऐकू आलं. शेवटी एकच खेप मिळाली. जमली तर ठीक, नाहीतर थाओ. दरबार पुन्हा उभा राहिला. या वेळी शंभरच्या शंभर माणसं श्वेकडे बघत होती, आणि तो त्यांच्या मधून चालत गेला तेव्हा त्याला एकेकाच्या बाहीकडे बघायचा मोह झाला. त्यानं बघितलं नाही.

"लुओ गावच्या कोठारात किती धान्य उरलंय, मंत्री?" बादशहानं विचारलं.

"नाही उरलं, महाराज."

"उंदीर तरी असतील."

"उपाशी कोण राहील? तेही गेले."

हे वाक्य कुठल्याच पानात नव्हतं. पेईच्या डोळ्यांत काहीतरी हललं. तो पुढं सरकून बसला.

"मग दाराला कुलूप कशाला?"

"कुलूप तेवढं विकायचं राहिलं."

 एकेक कोठार, एकेक गाव, प्रश्न येत गेले आणि उत्तरं निघत गेली. दोन शब्दांची, तीन शब्दांची, काही नुसती मान हलवून. कुणी विकलं, असं बादशहानं विचारलं तेव्हा श्वेला काकाचं नाव आठवेना. त्यानं हातातली पाटी उचलली आणि काकाकडे केली. चार पानांच्या भाषणानं जे झालं नसतं ते त्या एका हातानं झालं. काका गुडघ्यांवर कोसळला. इथं प्रसंग संपत होता. पेईला शेवटचं वाक्य म्हणायचं होतं, आणि त्यानं तोंड उघडलंही.

पण श्वे हलला. त्यानं पाटी जमिनीवर ठेवली, डोक्यावरचा मंत्र्याचा टोप दोन्ही हातांनी काढला, डिंकानं कपाळाची कातडी ओढली गेली, आणि तो टोप त्यानं पाटीशेजारी ठेवला.

"महाराज," तो म्हणाला, "माझी हाडं मला परत द्या."

दरबारात कुणी हललं नाही. आमच्याकडे शाळेतल्या पोरालाही माहीत आहे की जुने मंत्री नोकरी सोडताना असंच मागायचे. उभं आयुष्य राजाला दिलेलं, हाडं तेवढी गावच्या मातीत न्यायला मागायची. आणि हेही माहीत आहे की मागितल्याबरोबर राजा देत नाही. दोनदा नाही म्हणायची रीत. तिसऱ्यांदा मागितलं तर सोडायचं. हे मंत्री मागत नाहीये, हे मात्र शेवटच्या रांगेतल्या माणसालासुद्धा कळलं.

सुयुनच्या हातातला टॉवेल खाली पडला. ती घरी नेण्याचं निमित्त शोधत बसली होती, आणि हा भर दरबारात, सगळ्यांदेखत सांगून मोकळा झाला होता.

 पण पेई बादशहा होता. "नाही," तो म्हणाला.

"म्हातारा झालोय, महाराज. ओझं पेलत नाही. माझी हाडं मला परत द्या."

"नाही."

आता तिसरं मागणं. ग्वान बाई, छाओ साहेब, काका, शंभर दरबारी, सगळे त्याची वाट बघत राहिले. श्वेनं मान वर केली. त्याचे ओठ हलले आणि थांबले. तो पेईकडे बघत होता, निर्मळपणे, कुणी आपल्याला काहीतरी विचारलंय पण काय ते आठवत नाही असं बघतात तसा. दहा सेकंद गेले. छाओ साहेबांनी ग्वान बाईंकडे बघितलं. त्यांनी मान हलवली, कॅमेरा चालू ठेवा.

पेई सिंहासनावरून उठला. हे कुणी सांगितलेलं नव्हतं. नऊ पायऱ्या उतरून तो खाली आला, पिवळ्या झग्यासकट त्याच्यासमोर जमिनीवर बसला आणि जमिनीवरचा टोप उचलून स्वतःच्या मांडीवर घेतला.

"दिली," तो म्हणाला. "गुरुजी, मागायचं राहिलं तरी चालेल. दिली."

श्वेचं डोकं विसरलं होतं, अंग विसरलं नव्हतं. त्यानं कपाळ जमिनीला टेकवलं, एकदा, दोनदा, तीनदा, आणि तिसऱ्यांदा तिथंच राहिला. मागच्या रांगेतल्या एका दरबाऱ्यानं बाहीतून फोन काढला, बंद केला आणि फरशीवर ठेवला. त्याच्या शेजारच्यानंही ठेवला.

कट कुणी म्हटलंच नाही. सुयुन दिव्यांच्या मधून वाट काढत सरळ कॅमेऱ्यासमोर आली, साध्या सुती सदऱ्यात, हातात नवऱ्याच्या कापडी चपला. तिनं वाकून त्याच्या खांद्याखाली हात घातला. दुसऱ्या बाजूनं पेईनं घातला.

"ऊठ रे, श्वे," ती म्हणाली. "दिली म्हणतोय तो."